चालतं, नाही चालत, अडखळतं

टेलरबाईंना आयुष्यात दोनच गोष्टींची खात्री होती. एक म्हणजे कापड मापापेक्षा बोटभर जास्त कापावं, आणि दुसरी, आपल्याला आपली भाषा येते. विद्यापीठात काम धरल्यावर यातली दुसरी खात्री पार निघून गेली.

झालं असं की नजर कमी झाली. सुईत दोरा जाईना, काळ्या कापडावर काळी शिवण दिसेना, म्हणून कपडे लहानमोठे करून द्यायचं दुकान बंद करावं लागलं. त्यांच्या गिऱ्हाइकांत एक चष्मेवाली मुलगी होती. ती भाषाशास्त्रात कसलंसं संशोधन करायची. ती म्हणाली, "काकू, आमच्याकडे या ना. आम्ही वाक्य म्हणायचं आणि तुम्ही ते चालतं की नाही तेवढं सांगायचं."

"एवढंच?"

"एवढंच."

या 'एवढंच'वर विश्वास ठेवणाऱ्या माणसांची मला नेहमीच कीव येते.

खोली लहान होती. एक टेबल, दोन खुर्च्या आणि भिंतभर फळा. फळ्यावर झाडं काढलेली, पण सगळी उलटी: मूळ वर आणि फांद्या खाली, आणि फांद्यांच्या टोकांना शब्द. मुलगी समोर बसून वाक्य म्हणायची आणि बाईंनी तीनपैकी एक उत्तर द्यायचं. चालतं, नाही चालत, किंवा अडखळतं. जे वाक्य चालत नाही त्याच्या आधी ती तारा काढायची. बाईंनी पहिल्या दिवशी विचारलं, "शाळेत शहाण्या मुलाला तारा मिळायचा. तुमच्याकडे नापासाला?" मुलगी म्हणाली, "हो काकू, पद्धतच आहे." बाईंनी तिथेच सावध व्हायला हवं होतं.

कारण पुढे फारच विचित्र कारभार सुरू झाला. एकदा मुलीने वाक्य म्हटलं, "प्रत्येक शिंप्याने एक सदरा शिवला," आणि दोन चित्रं दाखवली. एकात तीन शिंपी आणि तीन सदरे. दुसऱ्यात तीन शिंपी मिळून एकच सदरा शिवतायत.

"दोन्ही चित्रांत वाक्य खरं आहे का, काकू?"

"तीन शिंपी एका सदऱ्यावर? अगं, पहिल्या बाहीलाच डोकी फुटतील."

"होईल की नाही ते सोडा. झालं असं समजा."

"कसं समजू? चित्रच खोटं आहे."

मुलीने शांतपणे काहीतरी लिहून घेतलं. काय लिहिलं असेल या काळजीने बाईंना जेवण गेलं नाही.

मग तिथले सर समजावायला आले. सर स्वभावाने गोड, हाताला कायम खडू लागलेला. ते म्हणाले, "वाक्याचा अर्थ कळणं म्हणजे जग कसं असलं तर ते वाक्य खरं ठरेल, हे कळणं. शब्दांचे अर्थ घ्यायचे, फांदीफांदीने वर जोडत जायचे. मुळाशी पोचलात की पूर्ण वाक्याचा अर्थ तयार." बाही, कॉलर, पाठ जोडत गेलं की सदरा होतो, इतपत बाईंना समजलं. तेवढ्यात सरांनी 'चौकोनी भूक हळूच शिंकली' हे वाक्य घडणीला अगदी ठीक आहे म्हणून सांगितलं, आणि 'मुलं बाजारात गेला' याला तारा दिला.

"अहो, पण पहिल्यातून काहीच कळत नाही आणि दुसऱ्यातून सगळं कळतं!"

"बरोब्बर!" सर खूश झाले. "घडण एक, अर्थ दुसरा. त्यांचं नातं काय, तेच तर आम्ही शोधतो!"

आपण नेमकं काय बरोबर बोललो ते बाईंना शेवटपर्यंत कळलं नाही.

हळूहळू हे खूळ डोक्यात शिरलं. एकच वाक्य दहा वेळा ऐकलं की चांगलंही वाकडं वाटायला लागायचं आणि वाकडंही सवयीने सरळ. दुकानात "अर्धा किलो कांदे द्या" म्हणून बाई थांबल्या. अर्धा किलो कांदे द्या? कांदे अर्धा किलो द्या? दुसरं थोडं अडखळतं का? दुकानदार म्हणाला, "बाई, कांदे हवेत की नकोत?" मागच्या माणसाने पिशवी पुढे केली तशा त्या नुसतंच बोट दाखवून मोकळ्या झाल्या.

घरी मात्र या सगळ्याची मजा व्हायची. टेलरबाईंचे यजमान म्हणजे अख्ख्या इमारतीचे लिफ्टकाका. एका मोठ्या ऑफिसात त्यांनी उभी हयात लिफ्ट चालवण्यात घालवली. दिवसभर त्यांच्या तोंडी दोनच शब्द. "वर?" आणि "खाली?" बोलायची सगळी हौस त्यांनी निवृत्तीसाठी राखून ठेवली होती, आणि निवृत्त झाल्यावर ते खरंच धबधब्यासारखे बोलायला लागले. मग अर्धांगाचा झटका आला. हातपाय थोडेफार सावरले, पण बोलणं मोडलं. शब्द सापडायचे, त्यांची माळ जुळायची नाही. "चहा… ती… खिडकी… दे," म्हणजे खिडकीतला चहाचा कप दे. बाईंना सगळं कळायचं. बोलणं शिकवायला येणाऱ्या डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, "कसंही बोलू देत, पण बोलू देत. गप्प बसले तर जे उरलंय तेही जाईल."

म्हणून बाई घरी आल्या की दिवसभरातली वाक्यं काकांना म्हणून दाखवायच्या. काका डोळे मिटून ऐकायचे आणि निकाल द्यायचे. "चालतं." "नाही चालत." हे शब्द त्यांना पटकन यायचे. चौकोनी भुकेला तर त्यांनी हसून हसून ठसका लागेपर्यंत "चालतं" दिलं.

आणि त्या संध्याकाळी घात झाला.

बाई दिवसभर वाक्यं तपासून आल्या होत्या. डोक्याचा भुगा झाला होता. दारात चपला काढत होत्या, तोच खुर्चीतून काका बोलायला लागले. दुपारभर जुळवलेलं असावं, कारण झटक्यानंतर इतकं लांब ते कधीच बोलले नव्हते.

"आज मी… जिना… उतरला… एकटा… खाली… पुन्हा मी… वर."

"नाही चालत," बाई म्हणाल्या.

तोंडातून आपोआप गेलं. मान वर न करता, चपलेचा पट्टा सोडवता सोडवता. मग त्या आत जाऊन हातपाय धुवायला लागल्या आणि पाण्याखाली हात धरल्यावर त्यांच्या डोक्यात उजेड पडला. जिना. एकटा. ज्या माणसाला दुसऱ्या माळ्यावरून खाली न्यायला दोन माणसं लागत होती तो एकटा जिना उतरून चढून आला होता आणि बायको येईपर्यंत ती बातमी जपून बसला होता.

त्या तशाच ओल्या हातांनी बाहेर धावल्या. "अहो, काय म्हणालात? खरंच एकटे उतरलात?"

काकांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. 'नाही चालत' म्हणजे काय, ते त्यांना कोणी समजावून सांगायची गरज नव्हती.

त्या दिवसापासून काका गप्प झाले. चहा हवा असेल तर कपाकडे बघायचे, नको असेल तर डोळे मिटायचे. डॉक्टरीणबाई दोनदा येऊन गेल्या, दुसऱ्यांदा जाताना दाराबाहेर थांबून हळूच म्हणाल्या, "असंच राहिलं तर कठीण आहे." बाईंचा जीव उडाला. शेजारपाजाऱ्यांना हे सांगायची सोय नव्हती. काय सांगणार? मी नवऱ्याच्या वाक्याला तारा दिला?

शेवटी त्यांनी चष्मेवालीलाच विचारलं, "एकदा दिलेला तारा पुसायचा कसा?"

"पुसायचा कशाला, काकू? तारा वाक्याला असतो, माणसाला नाही."

"पण वाक्य माणसाचं असतं ना!"

मुलगी गोंधळली. तिने सरांना बोलावलं. बाईंनी सगळी हकीगत सांगितली. सरांनी सवयीने खडू उचलला, 'आज मी जिना' एवढं लिहून एक फांदी काढली, दुसरी काढायला हात नेला आणि बाईंचा चेहरा बघून खडू खाली ठेवला.

"बाई," ते म्हणाले, "सदरा उसवायला घेताना तुम्ही आधी तो अंगातून काढायला सांगता की नाही? आम्ही तेच करतो. वाक्य माणसाच्या अंगातून काढून टेबलावर ठेवतो. त्याशिवाय शिवण दिसत नाही."

"आणि मी तो माणूस आत असतानाच कात्री चालवली," बाई म्हणाल्या.

बाईंना आता खुलासा नको होता. त्यांना वाक्य हवं होतं. माफीचं, धड, एकही टाका न उसवणारं. घरी जाताना रस्ताभर त्यांनी ते जुळवलं, पुन्हा पुन्हा म्हणून पाहिलं, प्रत्येक शब्द ओढून पाहिला. इतका वेळ त्यांनी लग्नात मांडवाखालीसुद्धा विचार केला नसेल.

काका खुर्चीत होते. बाई समोर जाऊन उभ्या राहिल्या, शाळेत कविता म्हणायला उभं राहतात तशा.

"त्या दिवशी तुम्ही मला जे सांगितलंत ते मी नीट ऐकलं नाही, आणि त्याचं मला फार वाईट वाटतं."

काकांनी ऐकलं. मग इतक्या दिवसांनी त्यांचं तोंड उघडलं.

"नाही… चालत."

बाईंना आधी काही कळेचना. बोलले म्हणून आनंद मानावा, की असं बोलले म्हणून रडावं? एवढं घोटलेलं वाक्य! चूक कुठे होती त्यात? त्या खाली जमिनीवरच बसल्या आणि तोंडाला येईल ते बोलत सुटल्या.

"अहो, मी… तो जिना… तुम्ही एकटे, आणि मी मेली चपला… मानसुद्धा… तुम्ही दिवसभर ते… माझ्यासाठी, आणि मी… अहो, बोला ना, कसंही, मला तुमचं… मला सगळं…"

पुढे शब्दच संपले. पदर तोंडात कोंबून त्या हुंदके देत राहिल्या.

काकांनी मान थोडी तिरकी केली. डोळे मिटले. चौकोनी भुकेच्या वेळी मिटले होते अगदी तसेच.

"चालतं," ते म्हणाले.

मग खुर्चीचे हात धरून ते उठले. बाई धरायला पुढे झाल्या, तर त्यांनी हात झटकला. कोपऱ्यातली काठी घेतली, दार उघडलं, कठड्यावर डावा हात ठेवला आणि पहिल्या पायरीवर थांबून मागे वळून पाहिलं. इतकी वर्षं लिफ्टच्या दारात उभं राहून अनोळखी माणसांना विचारायचे, त्याच आवाजात त्यांनी विचारलं,

"खाली?"

बाईंनी डोळे पुसले.

"खाली," त्या म्हणाल्या.