मोलगीहून आलेलं जोडपं

नंदुरबारच्या एका जुन्या टॉकीजच्या तिकीट खिडकीत मी बरीच वर्षं बसले. शेवटी शेवटी माझं काम उरलं होतं ते आलेल्या लोकांना परत पाठवण्याचं. शेठनं बजावूनच ठेवलं होतं, पुरेशी माणसं नसतील तर खेळ रद्द.

त्या दुपारी डोंगरातल्या मोलगीकडचं एक जोडपं आलं. जीपच्या प्रवासानं दोघांचे केस धुळीनं माखलेले. त्यानं दोन तिकिटं मागितली. "हिनं मोबाईलवरच पाहिलाय पिक्चर," तो म्हणाला. "म्हटलं, एकदा मोठा पडदा दाखवू."

खेळाची वेळ झाली तरी तिसरं कुणी फिरकलं नाही. मी शेठला फोन लावून आमच्या अहिराणीत सांगितलं. "दोनच जण शेतस, पन लई दूरथून येल शेतस."

"दोन जणसकरता मशीन चालू करू का? परत धाडी दे त्यासले."

मी जिना चढून ऑपरेटर चाचांकडे गेले. रिळं होती तेव्हा चाचा असे खेळ गुपचूप लावायचे. आता त्यांनी नुसते हात पसरले. "बेटी, शेठ का कोड आए बगैर ये नई मशीन चालूच नहीं होती. मेरे हाथ में क्या रहा?"

खाली येऊन मी दोघांना खेळ होणार नाही म्हणून सांगितलं. बाई काही न कळल्यासारखी नवऱ्याकडे बघत राहिली. तो म्हणाला, "आत नुसतं बसू का थोडं?"

मी दार उघडलं. आत कबुतरांची घाण आणि फाटक्या रेक्झिनच्या खुर्च्या. दोघं अगदी मधोमध बसली, पांढऱ्या पडद्याकडे तोंड करून. तिनं पदर नीट केला आणि त्यांच्या बोलीत काहीतरी विचारलं.

"काय म्हणते?" मी म्हटलं.

"विचारते, सुरू कधी होणार."

"तुम्ही सांगितलं नाही तिला?"

मला तिथं उभं राहवेना. मी बाहेर आले. बऱ्याच वेळानं दोघं निघाली, तेव्हा तिनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

दिवाळीआधी टॉकीज बंद पडली. कुणी कळवलं नाही; कामावर गेले तर फाटकाला कुलूप. चाचा आता घराबाहेर पडत नाहीत. मी भेटायला गेले, तेव्हा ओळखलं तेवढं त्यांनी. मी मिरची वाळत घालतात त्या मैदानावर, पथारीवर, देठ खुडायला जाते. घरी आल्यावर डोळे चुरचुरतात, हातांची आग होते. दुसरं काम बघ, असं सगळे सांगतात. मी हो म्हणते, आणि बघत नाही.