हळदीच्या मांडवात दादाची गिटार

माझ्या हळदीच्या संध्याकाळी मांडवात भांडण पेटलं, आणि पेटवणारा माझाच सख्खा भाऊ! भिवंडीजवळच्या शेलार गावालगतचं आमचं घर, सत्तरच्या दशकातली गोष्ट... आज नातीने विचारलं, "आजी, तुझ्या लग्नात डीजे होता का गं?" आणि सगळं डोळ्यांपुढे आलं.

डीजे कुठला! माझ्या बबनदादाची बँडपार्टी होती. रेकॉर्डवर इंग्रजी रॉक ऐकून पिसाटलेला माणूस... गिटार, अकॉर्डियन, माउथ ऑर्गन, बोंगो, हाताला लागेल ते वाजवायचा आणि वर गायचाही. भिवंडीतल्या लूमवरची, म्हणजे कापडाच्या मागावरची, तीन पोरं त्याने जमवली होती. शिफ्ट सुटली की आमच्या पडवीत धांगडधिंगा.

बाबांना हे बघवायचं नाही. पण मी हट्टच धरला, दादा वाजवणार नसेल तर मी पाटावर बसणार नाही! शेवटी बाबांनी त्याला बजावलं, "आज चार मानसांत नाक कापलंस, तर गिटार इकायची नि उद्यापास्नं लूमवर ड्युटी धरायची." दादा हो म्हणाला.

हळद लागत होती, सुंदराकाकू धवला गात होती. आमच्याकडे लग्नाचे विधी या गाण्यांवरच चालतात, त्यामुळे ती गाणाऱ्या धवलारणीचा मान भटजीएवढा. तिचं गाणं मध्येच थांबलं तर अपशकुन.

तेवढ्यात पडघ्याहून माझ्या सासरची माणसं उष्टी हळद घेऊन आली. आल्या आल्या त्यांची पोरं ओरडली, "वाजवा रे!" आणि आमचे शहाणे पाहुण्यांपुढे शायनिंग मारायला गेले... गिटार माईकवर अशी काही कडाडली की काकूचा धवला अर्ध्यावर तुटला.

काकू उठली. माझ्या चुलतसासूने हळदीची वाटी खाली ठेवली.

बाबा तरातरा गेले आणि गिटारच धरली. "सोड." दादा सोडेना. मी अंगभर हळद माखून बसलेली, उठायची सोय नाही... देवा शप्पथ, लग्न मोडतंय की भाऊ जातोय, हेच कळत नव्हतं.

काकू चालायला लागली. सगळ्यांना वाटलं, निघाली घरी. ती गेली सरळ दादाच्या माईकपाशी.

"बबन, हा भोंगा मना दे," ती म्हणाली. "जलम गेला गाऊन, मांडवाच्या भायेर कुनाला ऐकू न्हाय गेलं. तुजा आवाज बघ, पार शेलारात जातंय!"

कोणीतरी फिसकन हसलं... बाबांची गिटारवरची पकड सुटली. काकूने माईक धरून धवला पहिल्यापासून सुरू केला. दादाने गिटार बाजूला ठेवली, खिशातून माउथ ऑर्गन काढला आणि तिच्या मागून हळूच सूर दिला. तिने एकदा वळून बघितलं, पण थांबवलं नाही. चुलतसासूने वाटी उचलली.

गिटार विकली गेली नाही. दादा आयुष्यभर वाजवत राहिला, पार नाशिकपर्यंत. लग्न कुठलंही असो, आधी माईक तो त्या घरच्या म्हातारीच्या हातात द्यायचा. लोक म्हणायचे, काय स्टाईल आहे!

स्टाईल कसली डोंबलाची... त्या संध्याकाळी काकू घरी गेली असती, तर तिला कोणी बोल लावला नसता. माझा भाऊ मात्र दुसऱ्या दिवसापासून लूमवर उभा असता. सुंदराकाकू, तू माईक मागितलास गं... तुझे उपकार कसे फेडू?