माठाखालची लिपस्टिक

वैशाखात मुंबईची काकू मुरबाडला आमच्या घरी आली आणि तिची लिपस्टिक उकाड्याने नळीतच वितळली. ओठ रंगवणं म्हणजे थेर, असं आमची आई रोज ऐकवायची. पण काकूचं उतरलेलं तोंड तिला बघवेना.

"मेणच हाय गो हे," ती म्हणाली. कुंकवाखाली लावायचं तिचं मेणही उन्हाळ्यात असंच पातळ व्हायचं. तिने लिपस्टिक वाटीत काढली, गरम पाण्यावर धरून घोटली, करंड्यात ओतली आणि करंडा माठाखालच्या ओल्या वाळूत ठेवला. संध्याकाळपर्यंत ती छान घट्ट झाली.

वाटीला चिकटलेली आईने वाया घालवली नाही. दुसऱ्या दिवशी काकूचे ओठ आणि आईचं कपाळ एकाच रंगाने चमकत होतं. थेर हा शब्द त्यानंतर घरात कुणी काढला नाही.