वाढवलेलं एक वर्ष

निबंध स्पर्धेचा निकाल लागला, त्याच्या आठव्या दिवशी शाळेत पत्र आलं आणि माझ्या बहिणीचं बक्षीस रद्द झालं.

स्पर्धा चौदा वर्षांखालच्या मुलांची होती. शाळेच्या रजिस्टरप्रमाणे तिला चौदा पूर्ण होऊन तीन महिने झाले होते. खरं तर ती तेरा वर्षांची होती. ते एक वर्ष आमच्या वडिलांनी, अण्णांनी, वाढवून सांगितलं होतं. मला पहिलीत घातलं तेव्हा मी एकटी जाईना. मुलुंडला आमच्या घरापासून शाळेपर्यंत भातशेती होती. मी मध्येच बांधावर बसून रडायचे. शेवटी अण्णा पाच वर्षांच्या धाकटीला घेऊन गेले आणि हेडमास्तरांना म्हणाले, "हिलाही सहा पूर्ण आहेत." मग आम्ही दोघी एकाच वर्गात.

बक्षीस गेल्यावर शेजारच्या काकांनी गॅलरीतूनच विचारलं, "काय हो, पोरीचं वय चोरलंत म्हणे?"

"चोरलं नाही, वाढवलं," अण्णा म्हणाले, आणि संध्याकाळी आम्हा दोघींना घेऊन वकिलांकडे गेले.

वकील म्हणाले, "सोपं आहे. हेडमास्तरांनी चुकून लिहिलं म्हणा. ते तर आता हयात नाहीत."

"म्हणून त्यांच्यावर ढकलू?"

"अहो, सरकारी नोकरी तुमची! शपथेवर खोटेपणा कबूल केलात तर वरचे लोक सोडतील?"

"नाही सोडलं तर नाही. निबंध तिने स्वतः लिहिलाय."

कोकणातून, आजोळहून, तिच्या जन्माच्या नोंदीचा उतारा मागवला. दावा उभा राहिला. मी मागच्या बाकावर बसले होते.

"वय कोणी सांगितलं?" न्यायाधीशांनी विचारलं.

"मी."

"खोटं आहे हे माहीत होतं?"

"हो साहेब."

"मग का सांगितलंत?"

अण्णांनी मागे वळून पाहिलं नाही. "माझ्या सोयीसाठी," ते म्हणाले. शपथ घेतल्यावर ते एवढं एकच खोटं बोलले.

कोर्टाने जन्मतारीख दुरुस्त करायला सांगितली. बक्षीस मात्र परत मिळालं नाही. आयोजकांनी रजिस्टर पाहून ठरवलं, त्यात त्यांची चूक नाही, असं निकालात लिहिलं होतं. बाहेर आल्यावर मला रडू फुटलं. धाकटीने माझा दंड धरला. "रडतेस काय गं ताई? पुढच्या वर्षी मोठ्या गटात बसते. तिथे वय कोण विचारतंय!"

ती बसली. दुसरी आली. त्याच वर्षी अण्णांची बढती थांबली. ते त्याबद्दल घरात कधी बोलले नाहीत. ते सोयीचं वाक्य माझ्यासाठी होतं, हे मीही त्यांना कधी बोलून दाखवलं नाही.

अण्णांना जाऊन पुष्कळ वर्षं झाली. गेल्या महिन्यात धाकटी गेली. मृत्यूच्या दाखल्याच्या अर्जावर तिची जन्मतारीख मी लिहिली, कोर्टाने दिलेली. त्या निकालाची नक्कल माझ्या कपाटात आहे.