वाघ नेमका मारला कोणी?

मी बीडच्या एका कॉलेजात इतिहास शिकवतो. एकदा विद्यापीठाच्या चर्चासत्रासाठी विषयांचं वाटप चाललं होतं आणि मी नेमका चहा प्यायला बाहेर गेलो होतो. परत आलो तर सगळे चांगले विषय उडालेले, आणि माझ्या नावापुढे लिहिलेलं: प्राचीन इस्राएलचा इतिहास आणि त्यांच्या धर्मग्रंथाचा अभ्यास करण्याच्या पद्धती. जन्मात कधी समुद्र ओलांडला नाही, पण आता मला वाळवंट ओलांडायचं होतं!

महिनाभर वाचलं आणि वयाच्या पन्नाशीत प्रेमात पडलो. काय माणसं आहेत हो ही अभ्यासक मंडळी! आमटीचा एक घोट घेऊन "हिच्यात दोघींच्या हातचं मीठ हाय" असं ओळखणारी सासू असते ना, तशी. जगबुडीची गोष्ट घ्या. एका ठिकाणी देव म्हणतो, प्रत्येक प्राण्याची एकेक जोडी जहाजात घे. थोडं पुढे म्हणतो, शुद्ध प्राण्यांच्या सात सात घे. कुठे पाऊस चाळीस दिवस, कुठे पाणी दीडशे दिवस. अभ्यासक म्हणतात, या दोन जुन्या हकिकती आहेत, कोणीतरी वेणीसारख्या एकात एक गुंफल्या.

चर्चासत्राच्या पंधरा दिवस आधी आमच्या गावची जत्रा होती. मांजरसुंब्याहून आत वळलं की आमचं गाव. तिथे चुलत्यांच्या, म्हणजे तात्यांच्या ओसरीवर मी भाषणाची तालीम सुरू केली. श्रोता एकच, सुपात ज्वारी पाखडणारी काकू.

"मंग खरं काय? येक जोडी का सात?" काकूने विचारलं.

"काकू, तसं विचारायचं नसतं. कोणी लिहिलं, कधी लिहिलं, का लिहिलं, ते विचारायचं."

"मंजी तुला बी म्हाईत न्हाई."

मग मी माझा हुकमी एक्का काढला. मेंढरं राखणाऱ्या एका पोराने गोफणीने राक्षसासारखा योद्धा लोळवला आणि पुढे तो राजा झाला, ही गोष्ट जगाला ठाऊक. पण त्याच ग्रंथात, पार मागच्या बाजूला, जाता जाता एक ओळ आहे. ती म्हणते, तो योद्धा दुसऱ्याच एका शिपायाने मारला! हा शिपाई कोण, कुणालाच माहीत नाही. पुढे खूप काळाने ज्याने हा इतिहास पुन्हा लिहायला घेतला, त्याची पंचाईत झाली. त्याने काय केलं? त्याने लिहून टाकलं की शिपायाने मारला तो योद्ध्याचा भाऊ!

काकू इतकी हसली की सुपातली ज्वारी अंगणात गेली. "लई हुशार हाय की मेला!"

मी इथे थांबलो असतो तर बरं झालं असतं. पण मी थांबणाऱ्यांपैकी नाही.

आमच्या भैरोबाच्या देवळात लाल फडक्यात बांधलेलं एक जुनं हस्तलिखित आहे. सगळे त्याला बाड म्हणतात. त्यात लिहिलंय की पूर्वी गावाला एक वाघ छळायचा आणि वरच्या गल्लीतल्या आमच्या मूळपुरुषाने तो भाल्याने मारला. म्हणून जत्रेचा पहिला नारळ फोडायचा मान आमच्या घराचा, म्हणजे तात्यांचा. तात्यांची शेती मुलांकडे गेली होती, सरपंचकी भाच्याकडे गेली होती, टीव्हीचा रिमोट नातवंडांकडे गेला होता. हातात राहिला होता तो हा एक नारळ. जत्रेआधी आठ दिवस ते गुलाबी फेटा उन्हात घालायचे आणि विटेवर दगड आपटून खांदा मोकळा करायचे.

जत्रेच्या आदल्या दुपारी देवळाच्या मंडपात सरपंच म्हणाले, "प्राध्यापक सायेब, दोन शब्द बोला." मी दोन शब्द बोलणारा माणूस दिसतो का? मी बाडाची झेरॉक्स काढूनच आणली होती, तांबड्या-निळ्या पेन्सिलीने रंगवून.

दरवर्षी बाडाचं वाचन होतं, पण सोळाव्या पानाला पंगत बसते. त्यामुळे शेवटच्या पानापर्यंत आजवर एकही मनुष्य पोचला नव्हता. मी पोचलो होतो. तिथे एकच कोरडी ओळ होती: खालच्या गल्लीच्या मेंढक्याने वाघ मारला, त्यास एक घोंगडी दिली.

"मंडळी!" मी हात उंचावून गरजलो. "अभ्यासकांचा साधा नियम ऐका. छोट्या माणसाचा पराक्रम पुढे मोठ्या माणसाच्या नावावर जातो. मोठ्याचा छोट्याच्या नावावर कधी जात नाही. आमच्या पूर्वजाला बावीस ओव्या, मेंढक्याला एक घोंगडी! म्हणजे खरी हकिकत कुठली? घोंगडीच खरी! वाघ खालच्या गल्लीने मारला!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. मी नमस्कार केला. वाकलेला वर होताना पाहिलं, तर टाळ्या फक्त खालच्या गल्लीच्या होत्या.

खालच्या गल्लीचे अण्णा, तात्यांचे लहानपणापासूनचे दोस्त आणि तितकेच जुने वैरी, उठून उभे राहिले. "मंग नारळ कोन फोडायचा?"

तात्यांनी पायताण घातलं आणि ते घरी गेले.

मी मागोमाग गेलो. भर दुपारी तात्या भिंतीकडे तोंड करून झोपले होते. फेटा खुंटीला.

"तात्या, ही नुसती पद्धत आहे हो, अभ्यासाची."

"तुझ्या पद्धतीला वाघानं खाल्लं असतं तर बरं झालं असतं," भिंत म्हणाली. "कॉलेजात घातलं कोनी तुला? म्याच ना? आन आता मलाच फोडलास, नारळावानी."

मला पहिल्यांदाच माझ्या विद्वत्तेची लाज वाटली. तेवढ्यात काकू चहा घेऊन आली.

"तो मागनं लिवनारा काय म्हनला व्हता रे?"

"भावाला मारलं म्हणाला."

"मंग?"

"काकू, ते अभ्यासाच्या दृष्टीने अगदीच..."

"आभ्यास गेला खड्ड्यात. वाघाला भाऊ नसतू व्हय?"

भिंतीकडचं तोंड किंचित इकडे वळलं.

काकू डोक्यावर पदर घेऊन तडक मंडपात गेली. मी मागे. अण्णांची नारळाला हळद लावून झाली होती.

"वाघ दोन व्हते," काकू म्हणाली. "सख्खे भाऊ. आमच्या सासूबाई सांगायच्या."

मेलेल्या सासूला खोटं पाडायची हिंमत कुणाची?

"दोन?" अण्णांनी डोकं खाजवलं. "मंग आमी कोनचा मारला?"

"तुमी वाघ मारला. आमी त्याचा भाऊ."

"मला कोनी कावून सांगितलं न्हाई?"

"तुमी इचारलं कवा?"

सरपंचांचा चेहरा उजळला. त्यांचा मामा म्हणजे आमचे तात्या, आणि स्वतःची मुलगी दिलेली खालच्या गल्लीत. मघापासून ते घामाने निथळत होते. "दोन वाघ, दोन नारळ! येकाच टायमाला!" ते ओरडले. आणि मला लख्ख कळलं की त्या प्राचीन ग्रंथात दोन्ही हकिकती कोणी ठेवल्या असतील. दोन्हीकडे सोयरीक असलेल्या माणसानेच! हे मी पुढे चर्चासत्रात सांगितलं. कोणी लिहून घेतलं नाही.

सकाळी दोन्ही म्हातारे शेजारी शेजारी उभे राहिले. अण्णांचा नारळ पहिल्या फटक्यात फुटला, तात्यांचा तिसऱ्या. पण फेटा तात्यांचाच उंच होता.

मग तात्यांनी मला बाडापुढे बसवलं. "लिव. पुढच्या वर्सी कोनाचा घोळ नको."

महिनाभर मी ज्या लबाड लेखकाला हसलो होतो, त्याच्याच जागी मांडी घालून बसलो. शक्य तितकं जुनाट अक्षर काढून लिहिलं: वरच्या गल्लीच्या मूळपुरुषाने त्या वाघाचा भाऊ मारला.

तात्या चष्मा लावून एकेक अक्षर वाचत होते.

"थोरला लिव."

"काय थोरला?"

"भाऊ. थोरला भाऊ. धाकल्याला काय, कोन बी मारतंय."

ओळीत जागा नव्हती. मी समासात घातलं.