डावी पोटरी, उजवी पोटरी

अगं ऐक ना, आज दवाखान्यात जे झालंय ते तुला सांगितल्याशिवाय मला जेवण जाणार नाही. पण आधी जुने दोन-तीन किस्से ऐक. तशीही चावण्याची गोष्ट एकटी येतच नाही. एकाने सुरू केली की बाकावरचे सगळे आपापल्या बाह्या वर करतात.

मी खारघरहून मुरुडला आले मेडिकल कोडर म्हणून. कोण चावलं, कुठे, डावं की उजवं, पहिली भेट की फॉलोअप, या सगळ्याचा कॉम्प्युटरमध्ये कोड टाकायचा. फॉलोअप म्हणजे एक अक्षर बदलायचं, एवढंच मला वाटायचं. पहिल्याच दिवशी आमच्या शमीम सिस्टर, ज्यांना सगळे आपा म्हणतात, बोलल्या, "जखम तीन दिवसांत सुकते गं. मग माणूस यायचा बंद. आणि कुत्र्याची पाच इंजेक्शनं अर्धवट सोडून तो रोग झाला, तर पुढे कुणाच्या हातात काही नाय." तेव्हापासून फॉलोअपचा कोड टाकला की मला हुश्श होतं. आला बाबा परत!

पहिल्या आठवड्यात कोळीवाड्यातले एक नाना आले. अंगठ्याला वाम चावलेली. सापासारखा लांब मासा, दात बघशील तर! मी लिस्टमध्ये मासा शोधत विचारलं, "नाना, एकदम अंगावर आली का?"

"न्हाय वो. ती जाळ्यात गप पडलेली. हात मीच घातला तिच्या तोंडात. तिची काय चूक?"

फॉलोअपला आले तर हातात डबा, डब्यात तळलेली वाम. "ही ती न्हाय, तिची बहीण हाय. खावा."

मग बोर्ली पंचतनच्या एक मावशी. आपांनी सांगितलेलं, कुत्र्यावर दहा दिवस नजर ठेवा. दुसऱ्या इंजेक्शनला मावशी टेम्पोतून उतरल्या त्या कुत्र्याला दोरी लावूनच. डॉक्टर ओरडले. मावशी शांत, "मी हिकडं आल्यावर त्याच्यावर नजर कोन ठेवनार?"



आणि तळा गावचा एक गवंडी. चौथ्या इंजेक्शनला आलाच नाही, फोन बंद. आपांनी काय करावं? स्टँडवर जाऊन एसटीच्या कंडक्टरला सांगितलं. दुसऱ्या सकाळी त्याच्या फाट्यावर गाडी उभी, ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय, आणि खिडक्यांतून अख्खी बस, "अरे चल ना, कुत्रं चावलंय तुला!" आला बिचारा, हाताला सिमेंट तसंच. मी आपांकडे बघतच राहिले. आपण मेसेज पाठवतो, या बाईने बस पाठवली!

आता आजचं. सलमा भाभींचं तिसरं इंजेक्शन. कोड टाकायला बसले तर पहिल्या दोन भेटींत चावा उजव्या पोटरीला, आज डॉक्टरांनी लिहिलंय डावी. बिलिंगवाला म्हणाला, "उजवी टाक ना, कोण बघतंय." मी कागद आपांना दाखवला. त्यांनी बाकावरच्या बुरख्यातल्या बाईकडे एकदा बघितलं. "ही सलमा नाय. तिची मोठी जाऊ, जुबेदा."

एकाच अंगणात एकच कुत्रा दोघींना चावलेला. सलमाची जखम सुकली, तर ती जावेला म्हणाली, "मी बरी हाय, माझी उरलेली तीन तू घे." इंजेक्शनं वाटून घेतली गं! म्हणजे दोघींचीही अर्धवट.

आपांनी फोन करून सलमाला रिक्षाने बोलावलं, तिचं तिसरं तिला टोचलं. जुबेदा भाभींनाही टोचलं आणि म्हणाल्या, "तुझं आजचं हे पहिलं. अजून चार. वेगळी फाइल पाहिजे, नायतर तारखा सलमाच्याच निघतील आणि तुझी कधी चुकली ते कळणार नाय."

जुबेदा भाभी माझ्या टेबलापाशी आल्या. "ताई, माझ्या नावावर नको. माझ्या जुन्या फाइलला ह्यांचा नंबर हाय, हे तिकडं नोकरीला. इंजेक्शनचा मेसेज थेट दोहाला जाईल. मागे मी पडले, पायाला प्लास्टर लागलं, तर हे सगळं टाकून विमानाने घरी आले. नोकरी गेली. ही दीड वर्षाने लागलीय." नंबर बदलू म्हटलं, तर ओटीपीसुद्धा त्याच नंबरवर.

मी आपांकडे बघितलं. "सुई मी टोचली. कोड तुझा," त्या म्हणाल्या, आणि पुढच्या पेशंटला हाक मारली.

स्क्रीनवर भाभींचं नाव, डावी पोटरी, पहिली भेट. खाली सेव्हचं बटण. भाभी माझ्या बोटाकडे बघतायत.

तू असतीस तर काय केलं असतंस?