हात न लावायचा कठडा

मुलुंडला आमची जागा पहिल्या मजल्यावर होती आणि जिना बाहेरून होता. तो फक्त आम्हीच वापरत असल्यामुळे त्याचं काय करायचं हे बाबा एकटे ठरवू शकत. शेजारीपाजारी रंगीत टीव्ही घेत होते त्या सुमाराला बाबांनी जुना गंजका कठडा काढून स्टेनलेस स्टीलचा बसवला. ते औषधांच्या कारखान्यात मेन्टेनन्सला होते. तिथल्या भंगारातले पाइप त्यांनी रीतसर विकत घेतले होते. ‘रीतसर’ हा शब्द प्रत्येक पाहुण्याला ऐकावा लागे.

पहिल्या दिवशी नारळ फोडला, कठड्याला हळदकुंकू वाहिलं आणि निरांजन विझायच्या आत बाबांनी ते पुसून टाकलं, डाग पडेल म्हणून. देवाधर्माची ही गत, तर आमची काय असणार? कुणी हात ठेवला की मागून बाबा फडकं घेऊन हजर. आम्ही भिंतीच्या कडेने चढायला शिकलो. पाहुणेही शिकले. खालच्या मजल्यावरचे काका मात्र मुद्दाम वर येत, पाचही बोटं कठड्यावर टेकवून हवापाण्याचं बोलत आणि काही काम न सांगता परत जात.

आई पडली ती भिंतीच्या कडेनेच उतरताना. तळायच्या बांगड्यांना मसाला लावत असताना खालून दूधवाल्याने हाक मारली. हात मसाल्याचे, म्हणून तिने कठडा धरला नाही. गुडघ्याला प्लास्टर लागलं.

आई खाटेवर पडून होती. बाबा कठड्याच्या मागे लागले. त्यावर तपकिरी ठिपके दिसायला लागले होते. कामावरून आले की कपडेही न बदलता ते भांड्यांची तारेची घासणी घेऊन जिन्यावर बसत. मी कॉलेजातून येई तेव्हा ती खरखर गल्लीपर्यंत ऐकू येई. मध्येच ती थांबे, बाबा आत येत, आईच्या खाटेशी उभे राहत, काही हवंय का विचारत आणि ती उत्तर देईपर्यंत पुन्हा बाहेर. चहा तिथेच निवून जाई. जितकं घासत, तितके ठिपके वाढत.

शेवटी आईने खाटेवरूनच निकाल दिला. ‘‘अहो, तुम्ही घासता तिथेच येतात ते. घासणी लोखंडाची आहे, तिचाच गंज लागत असेल.’’

बाबांनी वाकून पाइपची खालची बाजू पाहिली. तिथे घासणी पोचली नव्हती. ती बाजू स्वच्छ होती. घासणी कचऱ्यात गेली. मग चिंचेचं पाणी, बारीक पॉलिश पेपर, पॉलिशचा साबण, कापड. कठडा पुन्हा लखलखला, पण बाबांचं आईजवळ बसणं काही सुरू झालं नाही.

प्लास्टर निघालं तेव्हा डॉक्टरांनी बजावलं की रोज जिना उतरा-चढा, नाहीतर गुडघा असाच ताठ राहील. आई दुखण्याला घाबरत नव्हती, जिन्याला घाबरत होती. संध्याकाळी दारापर्यंत जायची, पायऱ्या बघायची आणि उद्या बघू म्हणून मागे फिरायची. गुडघा तेवढाच वाकत होता आणि तिचे ‘उद्या’ वाढत होते.

एका संध्याकाळी ती दारात उभी असताना बाबा म्हणाले, ‘‘कठडा धर.’’

‘‘बोटं उमटतील,’’ आई म्हणाली. हा टोमणा होता की निव्वळ सवय, ते मला आजही सांगता येणार नाही.

बाबांनी पाइपवर आपला तळवा दाबला आणि तो तसाच घासत दोन-तीन पायऱ्या खाली उतरले. लांबलचक ओरखड्यासारखा पट्टा उमटला. मग वळून, हात पसरून आईच्या समोर उभे राहिले.

‘‘समोरून हटा आधी,’’ आई म्हणाली. ‘‘मी घसरले तर तुमच्यासकट जाईन. मग दोघांना चहा कोण देणार?’’

बाबा बाजूला झाले. आईने दोन्ही हातांनी कठडा धरला, तिरकी होऊन एक पाय खाली टाकला, थांबली, दुसरा टाकला. बाबा कठड्याकडे बघत नव्हते, तिच्या पावलांकडे बघत होते. शेवटची पायरी आली तेव्हा तिचा पदर घामाने भिजला होता. ती तिथेच बसली आणि आता थोडा वेळ रस्ता बघते म्हणाली.

बाबा उभेच राहिले. आता वर कसं जायचं, याचा विचार दोघांपैकी कुणीच केला नव्हता.